फासे कोणाच्या हाती

सावंगी (मेघे) हे वर्धा शहराला लागून असलेले गाव. 1990 साली इथे जवाहरलाल नेहरू वैद्यकीय महाविद्यालय सुरू झाले. आचार्य विनोबा भावे यांच्या नावाचे ग्रामीण रुग्णालय उभे राहिले, एकेक शाखा वाढत गेली आणि 2005 मध्ये संस्थेला अभिमत विद्यापीठाचा दर्जा मिळाला. कापूस पिकवणाऱ्या मुलखातल्या या गावात आज देशभरातून आलेली मुले-मुली राहतात. सेवाग्राम आणि पवनार इथून काही किलोमीटरांवर आहेत. मोबाइलवरच्या खेळातल्या लबाडीचा विचार अशा गावापासून सुरू करण्याला कारण आहे. या जमिनीवर खेळ आणि पैज यांवर हुकूम चालवणारे कायदे दीडशेहून अधिक वर्षे आहेत, आणि खेळातल्या फसवणुकीबद्दल या परिसराची स्मृती त्याहून फार जुनी आहे. ती स्मृती आणि ते कायदे शेजारी ठेवून वाचले की एक गोष्ट लक्षात येते. खेळात लबाडी किती करता येईल, कोणाला करता येईल आणि तिचा तोटा कोणाच्या माथी येईल, हे खेळणाऱ्याच्या नीतीवर जितके ठरते त्याहून अधिक फासे कोणाच्या ताब्यात आहेत यावर ठरते. आपण चर्चा मात्र बहुतेक वेळा खेळणाऱ्याच्या नीतीचीच करतो. मोबाइल आल्यावर या दुर्लक्षाची किंमत फार वाढली आहे.

आधी जुनी स्मृती. वर्धा नदीच्या काठावर, आर्वीच्या पलीकडे अमरावती जिल्ह्यात कौंडिण्यपूर आहे. परंपरा त्याला विदर्भाची प्राचीन राजधानी कुंडिनपूर मानते. रुक्मिणीचे माहेर म्हणून ते सर्वांना ठाऊक आहे. दमयंतीचेही माहेर तेच. महाभारताच्या वनपर्वातल्या नलोपाख्यानात निषध देशाचा राजा नळ आपल्या भावाशी, पुष्कराशी द्यूत खेळतो आणि राज्य घालवतो. ही कथा आपण दैवाची किंवा व्यसनाची कथा म्हणून ऐकत आलो. तिचा तपशील मात्र याहून नेमका आहे. दमयंतीने स्वयंवरात देवांना सोडून नळाला वरले म्हणून रागावलेला कली नळाच्या शरीरात शिरतो, आणि त्याआधी तो द्वापराला सांगून ठेवतो की तू फाशांत शीर. म्हणजे इथे दोन वेगवेगळ्या बिघाडांची नोंद आहे: एक खेळणाऱ्याच्या मनातला, दुसरा खेळण्याच्या साधनातला. नळाचे मन भ्रमले नसते तरी फासे त्याचे नव्हते. प्रजा, मंत्री, दमयंती सगळे त्याला थांबवायला येतात आणि तो थांबत नाही. दमयंती मुलांना सारथ्याबरोबर माहेरी कुंडिनपुराला पाठवून देते. पुढे ऋतुपर्ण राजा बेहड्याच्या झाडावरची पाने आणि फळे न मोजता सांगतो, नळ ती मोजून खात्री करतो, आणि अश्वविद्येच्या बदल्यात ऋतुपर्णाकडून फाशांची विद्या घेतो. ती विद्या मिळताच कली त्याच्या अंगातून बाहेर पडतो आणि त्याच बेहड्याच्या झाडात शिरतो. वैदिक काळातले फासे बेहड्याच्या फळांचे असत, हे लक्षात घेतले म्हणजे हा तपशील किती विचारपूर्वक रचला आहे ते कळते. नळ राज्य परत मिळवतो तो फाशांचे गणित शिकल्यावर. कथाकाराला खेळाचे अंतरंग ठाऊक होते. डाव हरणाऱ्याला उपदेश करून तो थांबला नाही. डावाच्या साधनात कोण शिरले होते हेही त्याने सांगून ठेवले.

यावर कोणी म्हणेल की ही पुराणकथा आहे आणि तिच्यावरून व्यवहाराचा निष्कर्ष काढू नये. मग व्यवहाराचाच ग्रंथ घेऊ. कौटिल्याच्या अर्थशास्त्राच्या तिसऱ्या अधिकरणात शेवटचा अध्याय द्यूत आणि समाह्वय यांचा, म्हणजे फाशांचा जुगार आणि प्राण्यांच्या झुंजींवरच्या पैजा यांचा आहे. पूर्व विदर्भातल्या कोंबडबाजाराचा पूर्वज या दुसऱ्या शब्दात ओळखू यावा. कौटिल्य जुगार बंद करत नाही. तो म्हणतो, जुगार एकाच ठिकाणी चालावा. दुसरीकडे खेळणाऱ्याला 12 पण (पण म्हणजे त्या काळचे नाणे) दंड. फासे आणि कवड्या द्यूताध्यक्षाने, म्हणजे सरकारी अधिकाऱ्याने द्यायच्या, आणि त्या शुद्ध असल्या पाहिजेत. त्या बदलून दुसऱ्या आणल्या तर पुन्हा 12 पण. कपटाने खेळला तर पूर्व साहसदंड, म्हणजे ठरलेल्या तीन श्रेणींतला पहिला दंड, जिंकलेले सगळे जप्त, आणि वर चोरीची शिक्षा. जिंकलेल्या रकमेतून अध्यक्षाने शेकडा 5 घ्यायचे, शिवाय फाशांचे भाडे, जागेचे आणि पाण्याचे पैसे वेगळे. या व्यवस्थेत राजाला महसूल हवा होता आणि चोरट्या मार्गाने पैसा मिळवणाऱ्यांवर नजर ठेवायची होती, हे खरे आहे; दुसरे कारण तर त्याने स्वतःच लिहिले आहे. पण हेतू महसुलाचा असला म्हणून रचनेतले शहाणपण कमी होत नाही. फासे दोन्ही खेळाडूंच्या हातून काढून घेतले, तिसऱ्याकडे दिले, आणि त्या तिसऱ्यावर साधनांच्या शुद्धतेची जबाबदारी टाकली. त्याच्या मिळकतीचा दरही ठरवून दिला, म्हणजे कोण जिंकतो यात त्याचा स्वार्थ उरला नाही.

याच अध्यायात एक वाद आहे. तो मला सगळ्या अध्यायाचा गाभा वाटतो. द्यूताची तक्रार राजाकडे आली तर जिंकणाऱ्याला हलका दंड आणि हरणाऱ्याला त्याहून भारी दंड करावा, कारण हरणाऱ्याला जिंकण्याची हाव होती आणि आता त्याला हार सहन होत नाही, असे जुन्या आचार्यांचे मत. कौटिल्य ते स्पष्ट नाकारतो. हरणाऱ्याला दुप्पट दंड केला तर राजाकडे तक्रार घेऊन कोणी येणारच नाही, आणि जुगारी लोक तर बहुधा कपटानेच खेळतात, असे त्याचे उत्तर आहे. फसवला गेलेला माणूस स्वतःही फारसा स्वच्छ नसतो, तरीही त्याला दाराशी येऊ दिले पाहिजे, नाहीतर मोठा कपटी कधीच उजेडात येणार नाही, एवढा व्यावहारिक विचार यात आहे. आजच्या घरांमध्ये, वसतिगृहांमध्ये आणि पोलीस ठाण्यांमध्ये हा विचार अजून पुरता पोचलेला नाही.

इंग्रजी अमलात प्रश्नाचे स्वरूप बदलले. वर्धा जिल्हा 1862 मध्ये नागपूरपासून वेगळा झाला; तो मध्य प्रांतात मोडत होता. 1867 चा सार्वजनिक जुगार कायदा ज्या प्रांतांसाठी झाला त्यांत मध्य प्रांत नावानिशी होता, म्हणून मुंबई इलाख्याच्या 1887 च्या कायद्याच्या वीस वर्षे आधी सावंगीच्या परिसराला जुगाराचा कायदा लागला. त्यात जुगाराचा अड्डा चालवणाऱ्याला 200 रुपयांपर्यंत दंड किंवा 3 महिन्यांपर्यंत कैद, अड्ड्यावर सापडलेल्याला 100 रुपयांपर्यंत दंड किंवा एक महिन्यापर्यंत कैद, आणि निव्वळ कौशल्याच्या खेळांना सूट अशी तरतूद होती. अड्डा कशाला म्हणायचे, तर जिथे पत्ते, फासे वगैरे साधने मालकाच्या नफ्यासाठी ठेवली आहेत ती जागा. मालकाचा नफा ही खूण कायद्याने बरोबर ओळखली होती. पण ती साधने खरी आहेत की खोटी, हा प्रश्न या कायद्यात नाही. फसवणुकीसाठी 1860 च्या दंडसंहितेचे 420 कलम होते, आणि 1872 च्या करार कायद्याने पैजेचा करार निरर्थक ठरवला. परिणाम असा की जुगारात फसलेला माणूस न्यायालयात जायला कचरू लागला: पैजेचे पैसे मागता येत नाहीत, आणि आपण अड्ड्यावर होतो हे सांगितले तर स्वतःलाच शिक्षा. कौटिल्याने जे दार उघडे ठेवा म्हटले होते ते इथे जवळजवळ बंद झाले. शंभरेक वर्षे कायद्याची आणि न्यायालयांची शक्ती एका वेगळ्याच प्रश्नावर खर्च झाली, तो म्हणजे अमुक खेळ नशिबाचा की कौशल्याचा. 1967 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने रमी हा प्रामुख्याने कौशल्याचा खेळ ठरवला, आणि 2021 मध्ये मोबाइलवरचा पैशाचा लुडो नशिबाचा की कौशल्याचा हा वाद मुंबई उच्च न्यायालयात गेला. हा प्रश्न अगदीच निरर्थक नाही. मात्र खेळ कौशल्याचा ठरला तरी समोरचे पत्ते कोण पिसतो, हे त्यातून कळत नाही.

कायद्याने न विचारलेला हा प्रश्न बाजाराने आपल्या परीने सोडवला, आणि त्याचा संबंध पुन्हा याच काळ्या मातीशी येतो. हिंगणघाटच्या कापसाचे नाव एकोणिसाव्या शतकात परदेशी बाजारांपर्यंत पोचले होते. कापसाचा भाव जगाच्या बाजारात ठरू लागला तसा त्या भावावर पैजा घेण्याचा धंदाही वाढला. न्यूयॉर्कच्या कापूस बाजारातला उघडण्याचा आणि बंद होण्याचा भाव तारेने मुंबईत येई, आणि त्या आकड्यांवर लोक पैसे लावत. हा आकड्यांचा जुगार. नीतीच्या दृष्टीने तो जसा असेल तसा असो, पण त्यात एक गुण होता: आकडा हजारो किलोमीटर दूर, मुंबईतल्या पैजांशी काहीच देणेघेणे नसलेल्या माणसांच्या व्यवहारातून निघत होता. बुकीला तो वळवता येत नव्हता. 1961 मध्ये न्यूयॉर्कहून भाव येणे थांबले आणि धंद्यापुढे अडचण उभी राहिली की आता आकडा काढायचा कुठून. 1962 मध्ये कल्याणजी भगत यांनी वरळीत मटका सुरू केला, 1964 मध्ये रतन खत्री यांनी आपला वेगळा मटका काढला. आता आकडा काढणारा आणि पैसे घेणारा एकच झाला, म्हणून विश्वासाचा प्रश्न आला. त्यावर उपाय शोधला तो उघडेपणाचा. पत्ते लोकांसमोर काढायचे, तीन पानांची बेरीज, तिचा शेवटचा अंक. पान काढणाऱ्याचा हात सर्वांना दिसला पाहिजे. मटका मुंबईच्या गिरणगावातून राज्यभर पसरला आणि विदर्भात सट्टापट्टी या नावाने गावोगाव पोचला, तो या विश्वासावर.

इथे एक आक्षेप येतो आणि तो वजनदार आहे. मटका बेकायदा होता, त्यावर कुठलाही द्यूताध्यक्ष नव्हता, तरी तो वर्षानुवर्षे चालला. मग देखरेखीची गरज काय, धंद्याचा नावलौकिकच पुरेसा नाही का? दोन गोष्टी यात विसरल्या जातात. पहिली, मटक्याचे गणितच मालकाच्या बाजूने होते. दहा अंकांपैकी एक लागण्याची शक्यता दहात एक, आणि लागल्यावर हाती येणारी रक्कम लावलेल्या पैशाच्या दहापटीहून कमी. ज्याला सरळ खेळूनच नफा आहे त्याने पान का लपवावे? दुसरी गोष्ट, तो उघडेपणा टिकला नाही. आकडा काढण्याची जागा लोकांच्या नजरेआड गेली, तसा कमी पैसे लागलेलाच आकडा काढतात हा संशय पट्टी लावणाऱ्यांच्या तोंडी कायमचा बसला. तो दरवेळी खरा असेल असे नाही. पण संशय निवारण्याचे साधन उरले नव्हते, आणि गिरणी कामगाराची आठवड्याची कमाई त्या अंधारात जात राहिली. नावलौकिक उपयोगी पडतो तो लोकांच्या डोळ्यांसमोर पान काढले जाते तोवरच.

आता मोबाइल. पबजी मोबाइल हा बंदुकीच्या लढाईचा खेळ भारतात 2018 मध्ये आला, 2 सप्टेंबर 2020 रोजी बंदी घातलेल्या 118 ॲपांत तो गेला. जुलै 2021 मध्ये क्राफ्टन या दक्षिण कोरियन कंपनीने तोच खेळ बीजीएमआय या नावाने भारतासाठी आणला, जुलै 2022 मध्ये तो पुन्हा अडवला गेला आणि 2023 मध्ये परतला. तशाच प्रकारचा फ्री फायर फेब्रुवारी 2022 मध्ये बंद झाला. या खेळांबरोबर हॅक, पॅनेल, मॉड एपीके, एमबॉट, वॉलहॅक हे शब्द महाराष्ट्रातल्या शाळकरी मुलांच्याही बोलण्यात आले. एमबॉट म्हणजे नेम आपोआप साधून देणारा प्रोग्राम, वॉलहॅक म्हणजे भिंतीआडचा शत्रू दाखवणारा, मॉड एपीके म्हणजे मूळ ॲपात फेरफार करून बनवलेली प्रत, आणि पॅनेल म्हणजे असे हॅक चालू-बंद करण्याचा मेनू. यांचा पल्ला किती, हे समजायला खेळाची रचना पाहावी लागते. अशा खेळाचे दोन भाग असतात. एक भाग आपल्या फोनवर चालतो: चित्र, आवाज, बोटांच्या हालचाली, नेम. दुसरा भाग कंपनीच्या सर्व्हरवर: कोण जिवंत, कोणाचे किती गुण, कोणाच्या खात्यात किती यूसी किंवा डायमंड, म्हणजे खेळातले चलन. फोनवर जे येते तेवढ्यालाच खेळणारा हात लावू शकतो. शत्रू भिंतीआड असला तरी तो पुढच्या क्षणी समोर येऊ शकतो, म्हणून त्याची जागा फोनला आधीच कळवावी लागते. वॉलहॅक ही आलेली माहिती वाचतो. नेम फोनवर धरला जातो म्हणून एमबॉट तो धरू शकतो. पण खात्यातले डायमंड फोनवर नसतातच, फोनवर दिसतो तो त्यांचा आकडा. किराणा दुकानातल्या उधारीसारखे हे आहे: गिऱ्हाइकाने आपल्या डायरीत काहीही खोडले तरी दुकानदाराच्या वहीतली बाकी बदलत नाही.

लबाडीच्या मर्यादेचे हे सगळे तांत्रिक कारण आहे, आणि ते मुलांना आणि पालकांना नीट कळले तर अर्धी फसवणूक तिथेच थांबेल. अनलिमिटेड डायमंड, फुकट यूसी देणारे जे जे काही विकले जाते ते सगळे खोटे असते, कारण ते करणे विकणाऱ्याच्या हातातच नाही. त्याला हवे असते ते वेगळे: खेळाच्या खात्याचा पासवर्ड, फोनवरचे मेसेज वाचण्याची परवानगी, ॲक्सेसिबिलिटीची परवानगी. ही शेवटची परवानगी मिळाली की ते ॲप पडद्यावरचे वाचू शकते आणि आपल्या वतीने बटणेही दाबू शकते. बँकेचा ओटीपी त्याच फोनवर येतो. घरात एकच चांगला फोन असेल तर तो बहुधा कमावत्या माणसाचा असतो आणि यूपीआय त्याच्यावरच असते. मुलाने खेळात लबाडी करायला म्हणून जे ॲप टाकले ते घरच्या पैशांपर्यंत पोचते. लबाडी करू पाहणारा इथे लबाडाचे गिऱ्हाईक झालेला असतो.

जे हॅक खरोखर चालतात त्यांचाही पल्ला आखूड आहे. सर्व्हरला फोनच्या आत दिसत नसले तरी निकाल दिसतात: किती गोळ्या डोक्यात लागल्या, किती वेगाने माणूस पळाला, भिंतीआडच्या शत्रूकडे नेम किती वेळा आधीच वळला. या नोंदींवरून खाते पकडले जाते, आणि पबजी घराण्यातल्या खेळांत 10 वर्षांचा बॅन ही नेहमीची शिक्षा आहे. डिसेंबर 2021 पासून बीजीएमआयने खात्याबरोबर फोनवरही बंदी घालायला सुरुवात केली, म्हणजे नवी आयडी काढूनही उपयोग नाही. दोन-तीन वर्षे खपून वाढवलेले खाते, त्यात घातलेले पैसे, सगळे एका रात्रीत जाते आणि ते बहुधा परत मिळत नाही.

काही जण म्हणतात, पैसे न लावता चार मित्र खेळतात तिथे कोणी हॅक लावला तर कोणाचे काय बिघडले? चार मित्रांच्या खोलीत, चौघांच्या संमतीने लावला तर खरेच काही बिघडत नाही, आणि ते मान्य करायला हरकत नसावी. पण लॉबीत, म्हणजे एका सामन्यात, शंभर अनोळखी माणसे असतात आणि त्यांनी संमती दिलेली नसते. शिवाय हे खेळ आता निव्वळ विरंगुळा राहिलेले नाहीत. बीजीएमआयच्या 2021 च्या राष्ट्रीय मालिकेत बक्षिसांची रक्कम 1 कोटी रुपये होती, आणि छोट्या गावांतले खेळाडूही पात्रता फेऱ्यांतून वर येऊ शकत होते. पात्रता फेरी ऑनलाइन, ज्याच्या त्याच्या घरून खेळली जाते. तिथे एकाने वॉलहॅक लावला तर कोणाची तरी वर्षाची तयारी फुकट जाते. या लबाडीचा शेवट कसा होतो याचे भारतीय उदाहरण 2018 चे आहे. शांघायमधल्या स्पर्धेत ऑप्टिक इंडिया या संघाच्या एका खेळाडूच्या संगणकावर, वर्ड या साध्या प्रोग्रामचे नाव देऊन लपवलेला नेम साधणारा प्रोग्राम सापडला. खेळ संगणकावरचा होता, पण धडा तोच. संघ स्पर्धेतून बाद झाला, मालक कंपनीने तो विसर्जित केला, खेळाडूवर 5 वर्षांची बंदी आली. त्या संघातल्या बाकीच्यांनी काही केले नव्हते. त्यांची नोकरी गेली आणि भारतीय खेळाडूंकडे परदेशी स्पर्धांमध्ये काही काळ संशयाने पाहिले गेले.

हॅक विकणारे कोण असतात, याचा एक हिशेब 2021 मध्ये चीनमधून बाहेर आला. कुनशान शहराच्या पोलिसांनी टेन्सेंट कंपनीच्या मदतीने चिकन ड्रमस्टिक नावाची टोळी पकडली. तिची कमाई सुमारे 7 कोटी 60 लाख डॉलर सांगितली गेली, जप्त मालमत्तेत महागड्या गाड्यांचा ताफा होता, आणि 17 हॅक नष्ट करण्यात आले. गिऱ्हाइके दिवसाला 10 डॉलर किंवा महिन्याला 200 डॉलर वर्गणी भरत होती. दक्षिण कोरियाने त्याआधीच, 2016 मध्ये, असे प्रोग्राम बनवणे आणि विकणे हा 5 वर्षांपर्यंत कैदेचा गुन्हा ठरवला होता. आपल्याकडे यासाठी वेगळा कायदा नाही. माहिती तंत्रज्ञान कायदा आणि फसवणुकीची सर्वसाधारण कलमे यांवर काम भागवावे लागते. कोरियाच्या कायद्याचा रोख वापरणाऱ्या पोरांकडे नसून विकणाऱ्यांकडे आहे, आणि तो मला बरोबर वाटतो.

इथपर्यंत खेळणाऱ्याची लबाडी. तिला मर्यादा आहेत, कारण खेळणाऱ्याच्या हातात फक्त फोन आहे. ज्याच्या हातात सर्व्हर आहे त्याने लबाडी करायची ठरवली तर मर्यादा कोणती? जुलै 2023 मध्ये नागपूर पोलिसांकडे आलेली तक्रार या प्रश्नाचे आपल्याच मुलखातले उत्तर आहे. एका व्यापाऱ्याला गोंदियाच्या एका बुकीने व्हॉट्सॲपवर लिंक पाठवून ऑनलाइन जुगाराचे खाते उघडून दिले. सुरुवातीला 8 लाख रुपये जमा दिसले, विश्वास बसला, काही काळ जिंकणेही झाले. तक्रारीनुसार जिंकले सुमारे 5 कोटी आणि गेले 58 कोटी. पोलिसांनी गोंदियाच्या घरी झडती घेतली तेव्हा कोट्यवधींची रोकड आणि किलोंनी सोने सापडले. आरोप सिद्ध करणे न्यायालयाचे काम आहे. पण या प्रकरणात खेळाडूसमोर फासे नव्हते, पत्ते नव्हते, पान काढणारा हात नव्हता. होता तो दुसऱ्याने लिहिलेला आणि दुसऱ्याला हवा तसा बदलता येणारा पडदा. नोव्हेंबर 2025 मध्ये सक्तवसुली संचालनालयाने पैशांचे खेळ चालवणाऱ्या एका मोठ्या भारतीय कंपनीवर असा आरोप ठेवला की खेळाडूंना माणसांशी खेळतो असे वाटत असताना समोर प्रत्यक्षात प्रोग्राम खेळत होते. तोही सिद्ध व्हायचा आहे. आरोप करायला सरकारी यंत्रणेला कंपनीत शिरून नोंदी तपासाव्या लागल्या, हे मात्र लक्षात घेण्यासारखे आहे. कोणा खेळाडूला ते आपल्या फोनवरून कधीच ताडता आले नसते.

ऑगस्ट 2025 मध्ये संसदेने ऑनलाइन खेळांचा नवा कायदा केला आणि 22 ऑगस्टला त्यावर राष्ट्रपतींची सही झाली. पैशांचे ऑनलाइन खेळ, कौशल्याचे असोत की नशिबाचे, चालवायला बंदी. चालवणाऱ्याला 3 वर्षांपर्यंत कैद किंवा 1 कोटी रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही. जाहिरात करणाऱ्याला 2 वर्षांपर्यंत कैद, 50 लाखांपर्यंत दंड. ई-स्पर्धांना मान्यता. मग फाशांचा प्रश्न मिटला, असे कोणी म्हणेल. वर्धा जिल्ह्यातल्या माणसाने असे म्हणण्याआधी आपल्याच जिल्ह्याकडे पाहावे. इथे गेल्या शतकाच्या सत्तरच्या दशकापासून दारूबंदी आहे, आणि अवैध दारू पकडल्याच्या बातम्या पन्नास वर्षे येत आहेत. बंदी निरुपयोगी आहे असा याचा अर्थ नाही. उघड्या दुकानाच्या अभावाने वाचलेली घरेही आहेत. पण बंदीनंतर जो माल येतो तो तपासलेला नसतो, हे जिल्ह्याला ठाऊक आहे. पैशांच्या खेळांचेही तेच होईल. नोंदणीकृत कंपन्या बंद झाल्या तरी व्हॉट्सॲपवरून येणारी लिंक आणि परदेशातला सर्व्हर राहील, आणि त्याचे फासे तपासणारा कोणी द्यूताध्यक्ष नसेल. ज्या ई-स्पर्धांना कायद्याने मान्यता दिली त्यांच्याबाबत मात्र आजही बरेच करता येण्यासारखे आहे. स्पर्धा भरवणाऱ्या कंपनीने हॅकची तपासणी कशी होते, बंदी घातलेल्याला दाद कुठे मागता येते, हे जाहीर करावे आणि त्याची बाहेरच्या संस्थेकडून पडताळणी व्हावी. खेळ बनवणारा, चालवणारा आणि न्याय देणारा एकच असणे ही मटक्याच्या बंद खोलीची रचना आहे.

नव्या कायद्यात एक तरतूद अशी आहे की तिची माहिती सावंगीच्या वसतिगृहांपासून आर्वी-हिंगणघाटच्या घरांपर्यंत पोचायला हवी. पैशांचा खेळ खेळणाऱ्याला या कायद्यात शिक्षा नाही. त्याला फसवला गेलेला माणूस मानले आहे. जुन्या आचार्यांचे मत खोडताना कौटिल्याने जे सांगितले होते तेच हे. म्हणून एखादी लिंक, एखादे मॉड एपीके किंवा एखादा पॅनेल विकणारा यांच्यामुळे पैसे गेले असतील, तर आपणही नियम मोडला होता या लाजेने गप्प बसू नका. पैसे खात्यातून निघाल्यानंतरचे पहिले काही तास महत्त्वाचे असतात, कारण तेवढ्यात ते पुढच्या खात्यात अडवता येतात. 1930 या क्रमांकावर लगेच फोन करा, मग जिल्ह्याच्या सायबर पोलिसांकडे जा. आणि मुलगा किंवा मुलगी हे सांगायला आली तर आधी फोन लावा. रागवायचे असेल ते नंतर.